मास्तरांच्या साठीला एक सुरुंग

श्री. माणिकराव मास्तरांची आणि माझी पहिली भेट विहिरीत झाली. गौरवलेखातला थोर माणूस पहिल्या भेटीत ओसरीवर किंवा निदान खुर्चीत तरी असावा, असा संकेत आहे. माझा नाइलाज आहे. दुय्यम मास्तर म्हणून नेमणुकीचा कागद खिशात घालून मी बदनापूर स्टेशनावर उतरलो, बैलगाडीने दुधनाकाठच्या हिवरगव्हाणला आलो, आणि शाळेच्या ओट्यावर बसलेल्या एका म्हातारबांना विचारले, "हेडमास्तर कुठे आहेत?"

"हिरीत," ते म्हणाले.

मी हादरलो. "कधी पडले?"

"पडले न्हाईत. उतरल्येत. आज जुम्मा हाय ना, शाळेला सुट्टी. सुट्टीचं उतरतात."

गावाबाहेर एका शेतात नवी विहीर खणणे चालले होते. काठावरून डोकावलो तर खाली धोतराचा काचा मारलेले, मातीने माखलेले एक गृहस्थ भिंतीला कान लावून उभे. मी नाव सांगितले, नेमणुकीचा कागद दाखवला.

"कागद खिशात ठेवा, भिजंल. वहाणा काढा आन् या खाली."

"मला पोहता येत नाही," मी म्हणालो.

"पाणी कुठं हाय अजून? तेच तर पाहून राह्यलोय!"

उतरलो. साहेबांचा पहिलाच हुकूम मोडायचा कसा? त्यांनी भिंतीतून लाल मातीचे एक ढेकूळ काढून माझ्या हातावर ठेवले आणि म्हणाले, "जिभेला लावा." नोकरी नवी होती. लावले. ढेकूळ जिभेला जे चिकटले ते सुटेना. मास्तरांचा चेहरा उजळला. "चिकटलं ना? मंग ध्यानात ठेवा. जी माती जिभेला सोडत न्हाई, ती पाण्यालाही सोडत न्हाई."

या गोष्टीला वीस-बावीस वर्षे झाली. पुढे मी शाळा सोडली, जुन्या जालन्यात लोकांचे अर्ज लिहून पोट भरू लागलो आणि फावल्या वेळात लोकांची टवाळी करू लागलो. पण ती लाल चव जिभेवरून गेली नाही. आज तीच बोलते आहे, असे समजून वाचकांनी मला क्षमा करावी, किंवा करू नये.

आमच्या भागातली जमीन कशी रचली आहे हे मला त्या दिवशी विहिरीत उभे राहून कळले. ते इथे चार ओळींत सांगणे भाग आहे, कारण पुढचा सगळा राग त्यावर उभा आहे. वर काळी माती. तिच्याखाली मुरूम. मुरमाखाली मांजऱ्या, म्हणजे बारीक भोकांचा, आत पांढरे खडे असलेला मऊ दगड. पावसाचे पाणी मुरत येते ते या भोकांत साठते. मांजऱ्याखाली हातभर जाडीचा लाल थर, गेरूसारखा, घट्ट. आणि त्या लाल थराच्या खाली काळा पाषाण, जो वरून अखंड दिसतो आणि आतून भेगाळलेला असतो. पाणी टिकते ते लाल थराच्या भरवशावर. तो थर म्हणजे भांड्याचा तळ. तळ फोडला की भांडे मोठे होत नाही. एवढेच शास्त्र. हे समजायला विलायतेला जावे लागत नाही. न समजायला मात्र बरेच शिकावे लागते, किंवा गुत्ता, म्हणजे सरकारी कामाचा ठेका, मिळवावा लागतो.

पंचक्रोशीत कुठेही विहीर खणली जात असली की मास्तर तिथे हजर. थर बदलला की मूठभर माती रुमालात बांधून आणायची. घरी कंदिलाच्या तडकलेल्या, टाकून दिलेल्या काचा जमवलेल्या असत. काचेच्या तळाला लाकडाची चकती लाखेने बसवायची, आणि विहिरीत जसे थर असतील तसेच काचेत भरायचे, खालचा खाली, वरचा वर. वरून कागदावर विहिरीचे नाव. शाळेच्या खिडकीत अशा काचांची रांग उभी असे, आणि सकाळचे ऊन आले की काळा, पिवळा, करडा, लाल असे पट्टे काचांत उजळत. भूगोलाच्या तासाला नकाशा गुंडाळलेलाच असे. मुले खिडकीशी जमत आणि आपापल्या विहिरीची काच शोधत.

मास्तरांच्या पत्नी, आमच्या सरूवहिनी, यांचे मत वेगळे होते. "लोकांच्या घरात काचेत दिवा असतो," त्या मला म्हणाल्या, "आमच्यात चिखल असतो. आन् दिवा मागितला तर म्हणतात, थांब, काच वाळून राह्यली."

एकदा शाळा तपासणारे साहेब आले. शेरवानी, रुमी टोपी, हातात छडी. छडीचे टोक काचांकडे करून म्हणाले, "ये क्या तमाशा है?"

मास्तर अदबीने म्हणाले, "साहब, अपनाच मुल्क है. लेटा हुआ था, खड़ा करके रखा."

साहेब हसले नाहीत. शेरेबुकात लिहून गेले की मुलांची तयारी चांगली आहे, मात्र दिव्याचे सामान दिव्यासाठीच वापरावे. मास्तरांनी त्या शेऱ्याखाली सही केली आणि त्याच संध्याकाळी आणखी एक काच भरली.

मास्तरांची चूक त्यांच्या साठीच्या या गौरवग्रंथात येऊ द्यावी काय, यावर गौरव समितीत चर्चा झाली आणि येऊ देऊ नये असे ठरले. मी येऊ देतो. दर वर्षी पहिल्याच पाठाला मास्तर स्वतः ती मुलांना सांगत आले आहेत. त्यांना लाज वाटत नाही, तर समितीला का वाटावी?

मास्तर तेव्हा विशीत होते, नुकतेच शिकून आलेले. वडिलांच्या शेतातल्या विहिरीत उन्हाळ्यात गुडघाभरच पाणी राही. मुलगा म्हणाला, अर्धा परस आणखी खोल करू. परस म्हणजे हात वर करून उभ्या माणसाची उंची, आमच्याकडे विहिरी त्याच मापाने मोजतात. वडील म्हणाले, "माणक्या, तळाला हात लावू नको." का, ते त्यांना सांगता आले नाही. त्यांच्या बापाने तसे सांगितले होते एवढेच त्यांना ठाऊक. शिकलेल्या मुलाला एवढे पुरते का? माणिकरावांनी स्वतः पहार हाणली. लाल थर फुटला, खालचा काळा दगड उघडा पडला, त्याची भेग दिसली. "सकाळी गुडघ्याइतकं होतं," मास्तर सांगतात, "भाकरी खाऊन आलो तर घोट्याइतकं. बैल सोडायच्या टायमाला नुस्ता खडक ओला. वडील काई बोलले न्हाईत. मोटेचं कातडं खांद्यावर टाकलं आन् घरी गेले. बोलले असते तर बरं झालं असतं."

दुसरा कोणी असता तर नशिबाला बोल लावून मोकळा झाला असता. मास्तरांनी पाणी कुठे गेले याचा तपास केला. पुढच्या पावसाळ्यात विहिरीत पाणी आले तेव्हा त्यांनी घरातली कपड्यांची नीळ त्यात कालवली आणि शेताखालच्या घळीत जाऊन बसले. तिसऱ्या दिवशी घळीतल्या काळ्या दगडाच्या फटीतून निळसर पाणी झिरपू लागले आणि दुधनेकडे वाहून गेले. वहिनींचे तेव्हा नुकतेच लग्न झालेले. "वर्साची नीळ एका दिवसात घातली हिरीत," त्या अजून सांगतात. "मी म्हनलं, आता पिवळी धोतरं घालून शाळेत जा. तर गेले की!" फोडलेल्या लाल थराचा एक तुकडा मास्तरांनी देवळीत, देवांच्या शेजारी ठेवला. तो आजही तिथे आहे. रोज हळदकुंकू लावतात वहिनी. मास्तर त्याच्यासमोर हात जोडतात की कान पकडतात, हे मी कधी विचारले नाही.

त्या एका पहारीची भरपाई मास्तर चाळीस वर्षे करीत आहेत. हिवरगव्हाणच्या मधोमध जी जुनी बारव आहे, दगडी पायऱ्यांची, तिच्यावर सगळे गाव पाणी पिते. पाटलाचा वाडा, वडारांची पाले, मोमिनांची गल्ली, सगळे. आजूबाजूच्या विहिरी होळीनंतर तळ दाखवतात तेव्हाही बारवेच्या खालच्या तीन पायऱ्या पाण्यात असतात. मृगाच्या आधी एक दिवस गाव तिचा गाळ काढते. ही रीत जुनीच होती. मास्तरांनी तिच्यात एक भर घातली: बारवेत उतरणाऱ्याने पहार, टिकाव, सब्बल, जे काही लोखंडी टोक असेल ते वरच्या पायरीवर ठेवायचे. खाली फक्त हात आणि टोपले. त्या दिवशी मास्तर वरच्या पायरीवर बसून असतात. एका वर्षी पाटलांच्या हातात टिकाव होता, आणि पाटलांना कोण अडवणार? मास्तर उठलेदेखील नाहीत. म्हणाले, "पाटीलबुवा, देवळात चपला कुठं ठेवता?" पाटलांनी टिकाव ठेवला. तेव्हापासून कुणाला सांगावे लागलेले नाही.

मास्तरांच्या मायेची एकच गोष्ट सांगतो, कारण तिच्यातला माणूस पुढे लागणार आहे. हबीबमियाँ हे सुरुंग लावणारे कारागीर. दगडाला भोक पाडणे, दारू ठासणे, वात लावणे यात त्यांच्यासारखा हात जालन्यापासून वाटूरपर्यंत दुसरा नाही. खाणीत एकदा एक सुरुंग उशिरा उडाला आणि त्या हाताची दोन बोटे गेली. खाणीच्या मालकांना त्या दिवशी नेमके बाहेरगावी काम निघाले. मास्तरांनी शाळा माझ्यावर सोपवली, स्वतः गाडी जुंपली आणि हबीबमियाँचे डोके मांडीवर घेऊन त्यांना जालन्याच्या दवाखान्यात नेले. पुढे काही महिने त्यांच्या हाताला काम नव्हते. मास्तरांनी त्यांना शाळेत बोलावले आणि मुलांना दगड शिकवायला लावले. कुठला दगड ठोकला की खणखणतो, कुठला बद्द वाजतो, कुठल्यात पाणी आहे हे आवाजावरून कसे कळते. मुले त्यांना उस्ताद म्हणू लागली. "सुरुंगवाल्याला सलाम कोन करतंय?" हबीबमियाँ मला म्हणाले होते. "मास्तरसाबने पोरांना शिकवलं. मेरे को आदमी बनाके छोड़ा."

त्या खाणीचे मालक म्हणजे श्रीमान भुजंगराव गुत्तेदार. ते या गौरव समितीचे अध्यक्षही आहेत. या ग्रंथाच्या आरंभी मास्तरांचे एक आणि अध्यक्षांची दोन छायाचित्रे आहेत.

गावाच्या उगवतीला एक माळ होता. आता त्याला होता म्हणावे लागते. पाऊस आधी त्या माळावर पडायचा, त्याच्या मुरमात मुरायचा आणि सावकाश बारवेकडे यायचा. गुत्तेदारांनी सडकेसाठी तो माळ गाड्या भरभरून नेला. मास्तरांनी अर्ज दिले. ते अर्ज मीच लिहिले होते, म्हणून सांगतो, चांगले होते. वरून विचारणा झाली, माळावर काय पिकते? उत्तर गेले, काही नाही. मग हरकत कशाची? पाणी माळावर पिकत नाही, माळातून पिकते, हे लिहायला त्या नमुन्यात रकाना नव्हता. आज त्या सडकेवरून गुत्तेदारांचा टांगा झोकात जातो, आणि माळाच्या जागी एक खड्डा आहे, ज्यात पावसाळ्यात डास आणि उन्हाळ्यात गाढवे असतात.

गेल्या टंचाईत शेजारच्या दोन गावांच्या विहिरी गुत्तेदारांनी 'लोककल्याणार्थ' खोल करून दिल्या. मास्तर दोन्ही ठिकाणी चालत गेले, काचा घेऊन. लाल थर दाखवला. मजुरांना जिभेला लावायला लावला. गुत्तेदार म्हणाले, "मास्तर, तुमी पोरं शिकवा. दगडाचं आमाला बराबर कळतंय." दोन्ही विहिरींचा लाल थर सुरुंगाने उडाला. दोन्हींचे पाणी गेले. आज त्या गावांतल्या बाया अर्ध्या कोसावरून घागरी आणतात, आणि वाटेत त्या विहिरींच्या कठड्यावर टेकतात. कठडा चांगला आहे. त्यावर संगमरवरी पाटी आहे. पाटीवर गुत्तेदारांचे नाव आहे. पोहरा सोडला तर मात्र तळाशी खण्णकन वाजतो.

मला राग येतो तो या माणसाचा नव्हे. असे गृहस्थ प्रत्येक तालुक्यात सरकारी इमारतींसारखे असतातच. मला राग येतो तो आपला. जमिनीला आपण आई म्हणतो, पेरणीआधी तिची ओटी भरतो, नारळ फोडतो, आणि तिच्या पोटात काय आहे हे सांगणारा एक माणूस चाळीस वर्षे हातात काच घेऊन उभा असतो, तेव्हा आपण म्हणतो, मास्तर मोठे हौशी! कोरड्या विहिरीवर पाटी लावणाऱ्याला हार घालताना आपल्यापैकी कोण मागे होते? मीही नव्हतो. पाटीचा मजकूर कुणी लिहिला असेल असे वाटते? जुन्या जालन्यात शुद्ध लिहिणारे फार थोडे आहेत.

आता साठीबद्दल. सत्कार करायचे ठरले तेव्हा समितीने विचार केला की मास्तरांना आयुष्यभर पाण्याचा ध्यास, तर भेटही पाण्याचीच द्यावी. अध्यक्षांना स्फूर्ती झाली. गावची बारव दोन परस खोल करायची, तिला मास्तरांचे नाव द्यायचे, आणि पहिल्या सुरुंगाची वात मास्तरांच्याच हस्ते पेटवायची. टाळ्या झाल्या. सभेत मी होतो. माझी जीभ त्या दिवशी पुन्हा एकदा चिकटली.

मास्तरांनी समितीला पत्र लिहिले. "मला कोणतीही भेट नको. बारवेच्या तळाला हात लावू नये, ही हात जोडून विनंती." समिती गहिवरली. आपल्याकडे सत्कारमूर्तीने नको म्हणायचे असते आणि बाकीच्यांनी आग्रह करायचा असतो. जेवताना पानावर हात आडवा धरला तरी वाढतात, तसे. मास्तरांनी दुसरे पत्र लिहिले, जास्त कडक. अध्यक्ष सभेत डोळे पुसत म्हणाले, "पहा, कसा मोठा माणूस! दुसरा असता तर मागून घेतलं असतं." तिसऱ्या पत्रात मास्तरांनी काळ्या दगडाची भेग, घळ, नीळ, सगळे लिहिले. ते पत्र याच ग्रंथात 'थोरांचा विनय' या मथळ्याखाली चौकटीत छापले आहे. अर्धेच. नीळ काढून टाकली, कारण गौरवग्रंथात नीळ शोभत नाही.

गेल्या आठवड्यात मी हिवरगव्हाणला गेलो होतो. मास्तर ओसरीवर होते. समोर एक काच. आयुष्यभर त्यांनी भरलेल्या सगळ्या काचांत तळाशी काळा दगड आहे. या एका काचेत तो नाही. खाली लाखेने बसवलेली चकती, तिच्यावर थेट लाल थर, वर मांजऱ्या. ही बारवेची काच. गाळ काढताना हाताला लागले तेवढेच त्यांनी भरले. त्याखालचे त्यांना नको आहे.

"मी न्हाई म्हणून राह्यलो," मास्तर मला म्हणाले, "तसतसे हार वाढून राह्यलेत. आता आणखी कसं न्हाई म्हणू, तुमीच सांगा."

वहिनी आतून म्हणाल्या, "शिव्या देऊन म्हणा."

"साठ वर्सांत शिकलो न्हाई. आता कुठून आणू?"

"मंग यांना सांगा ना!" वहिनींनी माझ्याकडे बोट केले. "यांना दुसरं येतंच काय?"

तेवढ्यात हबीबमियाँ आले. गुत्तेदारांनी काम त्यांनाच सांगितले होते, दारूही आणून ठेवली होती. ते बसले नाहीत, उभ्यानेच बोलले. "मास्तरसाब, मैं बोल दिया. हातपाव तोड़ो, लेकिन बारवेत मेरा सुरुंग नक्को. पर सुनो, मी न्हाई केलं तर ते जालन्याहून दुसरा आदमी आणणार. तो बिचारा काय जाणे लाल आन् काळं?"

मास्तरांनी समोरची काच उचलून मांडीवर घेतली. मग म्हणाले, "मी वात हातात घेणार न्हाई. उस्ताद घेणार न्हाईत. पण तिसऱ्याच्या हाताला कोण धरंल?"

याचे उत्तर तुमच्यापाशी आहे, आणि म्हणून हा लेख.

आपल्या मुलखात चार माणसे जमवून काही बोलायचे तर वरून इजाजत आणावी लागते. निषेधाच्या सभेला ती मिळत नाही. गौरवाला मिळाली. तेव्हा जे बोलायचे ते गौरवातच बोलणे आले. हे छापले कसे गेले, असा प्रश्न कुणाला पडेल. मुद्रिते तपासण्याचे काम माझ्याकडे आहे. मी अध्यक्षांना विचारले होते, "आपण माझा लेख नजरेखालून घालणार?" ते म्हणाले, "लेख वाचतंय कोण? फोटो बराबर आले पाहिजेत." फोटो बराबर आले आहेत.

हा ग्रंथ तुमच्या हाती पडेल तेव्हा तुम्ही मंडपात बसलेले असाल. प्रथम स्वागतगीत, मग मानपत्र, मग शाल, मग अध्यक्षीय भाषण. ते लांबेल. त्यानंतर सर्वांनी बारवेकडे निघायचे आहे, असे कार्यक्रमपत्रिकेत आहे. माझी एवढीच विनंती की भाषण संपायची वाट पाहू नका. बारव मंडपापासून दोनशे पावलांवर आहे. मी तिथे असेन, हबीबमियाँ असतील, वहिनी घागर घेऊन असतील. या, आणि पायऱ्यांवर बसा. घोषणा नकोत, त्याला इजाजत नाही. पाणी प्यायला इजाजत लागत नाही. ओंजळभर पाणी प्या. हवे तर लाल थराचा तुकडा जिभेला लावून पाहा, वहिनी देवळीतला घेऊन येणार आहेत. पायऱ्यांवर माणसे बसलेली असताना सुरुंग लावता येत नाही, हा गुत्त्याच्या धंद्यातलाही नियम आहे. आणि चौकटीतले ते पत्र पुन्हा एकदा वाचा. तो विनय नाही. तो नकार आहे. चाळीस वर्षांत या माणसाने आपल्याकडे स्वतःसाठी मागितलेली ही पहिली गोष्ट आहे, आणि तीही आपल्यासाठीच आहे.

श्री. माणिकराव मास्तर आज साठ वर्षांचे होत आहेत. त्यांच्या डोळ्यांना अजून पाच परस खोल उभ्या भिंतीतला थर दिसतो, पाय अजून दोरावरून उतरतात, वहिनींचे बोलणे अजून त्यांना सगळे ऐकू येते. हे सारे असेच राहो. त्यांनी आणखी चाळीस मृग पाहावेत, आणि दर मृगाच्या आधी बारवेच्या वरच्या पायरीवर बसून आपल्या टिकावांकडे आणि पहारींकडे तसेच संशयाने पाहावे. त्यांच्या त्या एका काचेत लाल थराखाली नुसती चकती आहे. त्या थराखाली काळा दगड भरायची पाळी त्यांच्यावर न येवो.

तर उठा. ग्रंथ खुर्चीवर ठेवा. काठी असेल तर तीही वरच्या पायरीवर ठेवून खाली या.